त्रेचाळिसावं झाड

आप्पा,

तुमचा टॅब चालू झाला, म्हणून हे पत्र. नाहीतर मी पत्र लिहिणारा माणूस नव्हे, तुम्हाला ठाऊकच आहे. नववीत मराठीच्या बाईंनी 'वडिलांस पत्र' लिहायला दिलं होतं, तेव्हा मी 'ते घरातच आहेत' एवढंच लिहून वही दिली होती. हातावर दोन छड्या बसल्या. आता लिहायला बसलोय, तर तुम्ही घरात नाही.

बघा, लगेच भरकटलो. टॅबचं सांगतो.

तेराव्यानंतर पाव्हणे गेले, आक्का पण बेळगावला खासबागेत तिच्या घरी गेली. काल आईनं टॅब माझ्या हातात दिला. म्हणाली, "चार्जिंगला लाव रं. बंद पडलाय बघितलं तर ओरडतील." मग आपण काय बोललो ते तिचं तिलाच कळलं आणि ती आत गेली. मी वायर शोधत बसलो. 

आज सकाळी त्यावर आपलं बेट उघडलं. तेव्हापासून त्यातच आहे, आप्पा. दोनदा चहा केला, दोनदा तसाच राहिला.

हा खेळ मी तुम्हाला शिकवला तो काही मायेनं नाही. आज कबूल करतो. लाकडाच्या वखारीतनं तुम्ही रिटायर झाला आणि दिवसभर खुर्चीत बसून मला एकच विचारायला लागला, "पुढं काय ठरवलंस?" त्यातनं सुटका म्हणून आक्काच्या जुन्या टॅबवर मी बेट घालून दिलं. एक झोपडी तुमची, एक माझी, एक कुऱ्हाड, पाण्याचा डबा आणि झाडं. माझ्या फोनवर पण तेच बेट. झाडं लावायची, लाकूड साठवायचं, त्यातनं पूल करायचा, कुंपण करायचं, होडी करायची. मला वाटलं चार दिवसांत कंटाळाल.

तुम्ही तर बेटाची वखारच करून टाकली. करवतीनं एक बोट नेलेलं, तरी उरलेल्या नऊ बोटांनी तुम्ही माझ्यापेक्षा नीट खेळायचा. पटावरचं एक घर मोकळं सोडून झाड लावायचं, नाहीतर ते वाढत नाही, हे मला महिन्यानं कळलं. तुम्हाला पहिल्याच दिवशी. मी भराभर तोडायला लागलो की म्हणायचा, "दमानं रं. वखारीत माल संपला की ट्रक येतो. हितं ट्रक येत न्हाय."

आणि तुमचं ते सांगणं. झाड तोडायचं असेल तर आदल्या दिवशी दिवेलागणीच्या आत जाऊन त्याला सांगायचं, उद्या येतो, हितं कोण राहत असेल तर जागा बदला. आणि दुसऱ्या दिवशी उजाडल्याशिवाय हात लावायचा नाही. खऱ्या झाडाला तुम्ही तांदूळ वाहून सांगायचा, ते मी लहानपणापासून बघितलंय. गल्लीतल्या पडायला आलेल्या शेवग्याला पण सांगितलं होतं तुम्ही. पण टॅबातल्या झाडाला? खेळातलं घड्याळ आपल्याच घड्याळाबरोबर चालतं, निपाणीत सांज झाली की बेटावर पण सांज. तुम्ही मांडीवर टॅब घेऊन, तुमचा तो ठेंगणा माणूस झाडापुढं उभा करून मोठ्यानं म्हणायचा, "उद्या येतो रं बाबा."

शेजारच्या वैनींनी आईला विचारलं होतं, "भावजी कुणाशी बोलत्यात हो?"

"झाडाशी."

"कुठल्या?"

"टॅबातल्या."

वैनी आठवडाभर आपल्याकडं साखर मागायला आल्या नाहीत.

आता ते लिहितो जे लिहायचं नव्हतं.

मला होडी पाहिजे होती. होडी झाली की दुसऱ्या बेटावर जाता येतं, आणि मला तुम्ही ओळखता, एका जागी माझे पाय ठरत नाहीत, खेळात पण नाहीत. होडीला शंभर लाकडं. एका झाडाची तीन. तुमची बेचाळीस झाडं उभी होती. तुम्ही सांजचं मारुतीच्या देवळाला गेलता आणि मी सगळी तोडली. अंधार पडायच्या आत बेट बोडकं झालं.

शंभर लाकडांना चौतीस झाडं पुरत होती, आप्पा. वरची आठ मी उगीच तोडली. हात थांबला नाही, एवढंच कारण.

तुम्ही आला, चष्मा घातला, बेट या टोकापासून त्या टोकापर्यंत बघितलं. मला वाटलं आता शिव्या. तुम्ही एवढंच विचारलं, "सांगितलंस?"

"कुणाला?"

"झाडास्नी."

मी हसलो. म्हटलं, "आप्पा, खेळ हाय त्यो."

तुम्ही टॅब पालथा ठेवला, हात धुतले, जेवायला बसला. भाकरी मोडताना म्हणाला, "मला न्हाय सांगितलंस, ऱ्हाऊ दे. त्यास्नी तरी सांगायचं."

तिसऱ्या दिवशी पहाटेच्या बसनं मी घर सोडलं. तुम्हालाही सांगितलं नाही, आईलाही नाही. बेळगाव, तिथनं गोवा, तिथनं पार हिमाचल, सफरचंदाच्या पेट्या भरायला. तिथं पेट्यांना जे लाकूड वापरतात ते लई हलकं असतं. तुम्ही नखानं खरवडून जात सांगितली असती. असो.

होडीनं मी दुसऱ्या बेटावर गेलो, ते गोव्याच्या बसमध्ये बसूनच. पलीकडं नुसते दगड. कंटाळा आला, तिथंच खेळ बंद केला. पुढं फोनमध्ये जागा नाही म्हणून उडवूनच टाकला. दोन वर्षं झाली त्याला.

त्या दोन वर्षांत फोनवर तुम्ही "बरं हाय न्हवं?" विचारायचा आणि फोन आईकडं द्यायचा. मी समजून होतो की तुमचा राग गेलेला नाही. एकदा चेष्टेनं विचारलं, "बेटावर जाता का अजून?" तुम्ही म्हणाला, "जातो की. काम असतंय." एवढंच. मी काय काम ते विचारलं पण नाही.

आणि गेल्या महिन्यात मी वर डोंगरात, फोनला रेंज नाही. खाली उतरलो तेव्हा आक्काचे मेसेज एकावर एक आले. पहिला 'फोन कर' होता. शेवटचा वाचून मी रस्त्यातच बसलो. घरी पोचलो तो नववा दिवस होता. अग्नी दाजींनी दिला. आप्पा, माझ्या जागी दाजी उभे होते. हे मला अजून नीट कळलेलं नाही. कळतं, आणि परत कळत नाही.

आक्का म्हणाली, नुसती तपासणीच होती, छातीत जरा दुखतंय म्हणून. बेळगावच्या दवाखान्यात तिसऱ्या दिवशी गेला. कुणाच्या ध्यानीमनी नव्हतं. तुमच्या पण नव्हतं, असं सगळे म्हणतात. मी पण आज सकाळपर्यंत तेच म्हणत होतो.

बेट उघडताना मला वाटलं, बोडकं माळरान दिसणार. झाड नसलं की बी पडत नाही, आणि बी नसलं की झाड नाही. मी तर एक पण ठेवलं नव्हतं.

झाडं उभी होती. मोजली. बेचाळीस. होती त्याच जागी, एकेक घर सोडून.

आईला हाक मारली. म्हटलं, "ही झाडं कुठनं आणली आप्पांनी?"

"समुद्रातनं."

"आई, नीट सांग."

"मी नीटच सांगतीया की रं. रोज सकाळी चहाच्या आधी समुद्राला जायचे. लाटंबरोबर बी येतंय म्हणायचे. एखाद्या दिवशी यायचं, आठ-आठ दिवस यायचं न्हाय. मी म्हणायचे, निपाणीत बसून कसला समुद्र बघताय, चहा निवतोय. तर म्हणायचे, आधी त्याची बेचाळीस भरू देत. त्यावरचं झाड माझं."

बेचाळीस, आप्पा. एकेक बी किनाऱ्यावर वेचून. मी हे वाचणाऱ्याला सांगितलं तर खोटं वाटेल, आणि वाचणारे तर तुम्हीच.

माझ्या झोपडीपुढं त्रेचाळिसावं होतं. पूर्ण वाढलेलं. बेटभर गवत माजलंय, पण सगळं एकाच उंचीचं, वीस-बावीस दिवसांचं. म्हणजे तुम्ही बेळगावला गेला त्या दिवसापर्यंत माझ्या दारातलं गवत पण रोज उपटलं जात होतं. कुणासाठी? तिथं मी नव्हतोच. मी दगडात होतो. नकाशावर माझा ठिपका अजून त्या दुसऱ्या बेटावर दिसतो. खेळ जिथं सोडला तिथंच माणूस उभा राहतो.

आईला तो ठिपका दाखवला तशी ती एकदम म्हणाली, "अगं बाई. हे व्हय ते?"

"काय?"

"लई येळा म्हणायचे, पोरगं दगडात उभं हाय. एकटंच. मला वाटायचं तुझ्या हिमाचलाबद्दल बोलत्यात."

मग तुमच्या ठेंगण्या माणसाला घेऊन मी बेटाच्या धक्क्यावर गेलो. आणि तिथं होडी होती, आप्पा. माझी नव्हे, ती दगडाच्या बेटाला बांधलेली आहे. ही नवी. तळ झालेला, दोन्ही बाजू झालेल्या, आणि वर आकडा लिहिलेला, शंभरातली सत्त्याण्णव.

एक पण झाड न तोडता. सगळी वाऱ्यानं पडलेल्या काटक्यांची. एक काटकी म्हणजे एक लाकूड, आणि दिवसाला एखादी पडली तर पडली.

तुम्ही मला आणायला येत होता.

 आई म्हणाली, काय झालं, तोंड असं का? मी होडी तिला दाखवली.

परत माझ्या झोपडीकडं आलो तेव्हा फळी दिसली. खेळात अशी लहान फळी रोवता येते, इंग्रजी अक्षरांची. आधी गवतात झाकली होती. गवत उपटलं. चार अक्षरं, आपल्या भाषेत एकच शब्द.

येतो.

आधी वाटलं, हे तर झाडाला सांगणं. होडीला तीन कमी, झाडाची तीन, आणि बेचाळिसावरचं झाड तुमचं. हिशेब बरोबर. पण फळी कशाला, तुम्ही तर तोंडानं सांगायचा? आई म्हणाली, बेळगावला निघायच्या आदल्या दिवशी तुम्हाला बोलताना धाप लागत होती.

आणि तिथंच मी अडलो. तीन काटक्या पडायला किती दिवस लागले असते? तीन-चार. फार तर आठवडा. दोन वर्षं दम धरलेल्या माणसाला आठवड्याची घाई का झाली? बेळगावहून परत येणारा माणूस तीन काटक्यांसाठी झाड तोडत नाही. तुम्ही तर नाहीच.

मी दाजींना फोन लावला. त्यांना काही सांगितलं नाही, एवढंच विचारलं, त्या सकाळी निघताना आप्पा काय म्हणाले?

"काय न्हाय रं. धा मिनिटं थांबूया म्हणालते. उजाडू दे म्हणालते. मला वाटलं अंधारात गाडीची भीती वाटती. म्हटलं, आप्पा, डॉक्टरांची वेळ घेतलीया, निघूया. मग निघाले."

"हातात काय होतं?"

"टॅब होता. ठेवला की खुर्चीवर. का रं?"

काही नाही, म्हटलं. दाजींचा काय दोष? उजाडायला दहा मिनिटं होती, आणि दहा मिनिटं कुणाजवळ असतात?

पण तुमच्यावर माझा राग आहे, आप्पा. तुम्हाला कळलं होतं. तुम्ही झाडाला सांगितलं. आईला नाही, आक्काला नाही, मला नाही. मी न सांगता गेलो म्हणून दोन वर्षं अबोला धरणारा माणूस स्वतः असा कसा निघून जातो?

हे लिहून पेन खाली ठेवलं होतं. मग परत बेट बघितलं. फळीचं तोंड झाडाकडं नाही. माझ्या दाराकडं आहे. तुम्ही ती फिरवून रोवलीय. दार उघडून मी बाहेर आलो असतो, तर पहिलं तेच वाचलं असतं.

म्हणजे सांगितलं होतं. मीच घरात नव्हतो. आणि अबोला पण नव्हता. काम असतंय, म्हणाला होता तुम्ही.

आता काय करणार ते सांगतो, म्हणजे तुम्ही परत विचारायला नको. आज दिवेलागणीच्या आत त्या झाडाला मी सांगणार. तुम्ही सांगितलेला उद्या होऊन गेला, आता परत सांगायला पाहिजे. तोंडानं, मोठ्यानं. आई शेजारी बसते म्हणालीय, वैनी ऐकेनात का. उद्या उजाडलं की चहाच्या आधी तोडणार, होडी पुरी करणार आणि तुमच्या त्या ठेंगण्या माणसाला घेऊन दगडाच्या बेटावर जाणार. मला घेऊन येणार. झाडाच्या जागी दुसरं बी लावणार, एक घर सोडून.

आणि एक. पुढच्या हंगामाला मी परत जाणार आहे. घरीच राहतो असं म्हटलं तर तुम्हीच हसाल. पण आदल्या दिवशी सांगणार. आईपुढं उभा राहून, तिचं 'बरं' ऐकून, उजाडल्यावर निघणार. आणि हंगाम सरला की माघारी फिरणार.

सांज व्हायला आलीय, उठायला पाहिजे.

येतो, आप्पा.

तुमचा,
सुऱ्या