कोर्टानं खोडलेली ओळ

प्रिय सीमा,

प्रिय लिहायचं असते म्हणून लिहिलं, फुगून जाऊ नको. तिसरीत गुरुजींनी पत्राची सुरुवात अशीच शिकवली, पुढं शाळाच सुटली. अक्षर वाकडं आहे, लावून वाच. पोरगा घरातच आहे, श्यामकडून लिहून घेता आलं असतं, पण हे त्याच्या हातचं नको.

अंकुर उंच झाला म्हणे. अकोल्याच्या बसस्टँडवर मैनाबाईले दिसला, तुझी पिशवी धरून चालून राहिला होता. भेंडी खाते का आता? इथं तर ताट ढकलून द्यायचा. माझे गुडघे तसेच आहेत, जीभही तशीच.

नागपूरच्या मोठ्या कोर्टाचा कागद श्यामनं आणला अन् फ्रीजवर टाकून दिला. चार दिवस कोणी हात लावला नाही. मग शेजारच्या कौशल्येची रागिणी अमरावतीहून सुटीवर आली. वकिलीचं शिकते, म्हणून तिच्याकडून वाचून घेतला. खालच्या कोर्टानं तुले सोडचिठ्ठी दिली, लेकरूही दिलं, पण जाता जाता निकालात एक ओळ लिहून ठेवली, की ही बाई तापलेल्या लेकराले टाकून यात्रेत मौज करत होती. त्या एका ओळीसाठी तू दोन वर्षं नागपूरले खेपा घातल्या. जिंकल्यावर कोणी कोर्टात जाते का, म्हणून आपलं सारं दर्यापूर गाव हसलं. मीही हसली, खोटं काहून सांगू. आता मोठ्या कोर्टानं लिहिलं, ह्या शेऱ्याले पुरावा नाही, गरजही नव्हती, तो काढून टाका. रागिणी म्हणे, आजी, आता ती ओळ नसल्यासारखीच. मी तिले चहा पाजला अन् घरी धाडलं.

कौंडण्यपूरची ती यात्रा तू विसरली नसशीलच. त्याच्या आधी अंकुर दवाखान्यात होता, तवा मी रुक्मिणीले बोलली होती, लेकरू बरं होऊ दे, यात्रेत ओटी भरीन. लेकरू बरं झालं. अन् यात्रेच्या दिवशी सकाळीच त्याचं अंग पुन्हा तापलं. तू म्हटलं, आई, मी आज कुठंच जात नाही. मी म्हटलं, ओटी राहिली म्हणूनच ताप आला, माझे पाय चालत नाहीत, मग घरची सून नाही जाणार तर कोण जाणार? तू रडाले लागली. जगात तूच एकटी आई झाली का, असंही म्हटलं. अन् दंडाले धरून तुले जीपमध्ये बसवलं.

खालच्या कोर्टात तुझ्या वकिलानं सरळ विचारलं, सासूबाई, तुम्हीच पाठवलं होतं ना? समोर श्याम बसला होता, माझ्याकडं पाहून राहिला होता. तू पाहत नव्हती. तुले वाटलं असेल, म्हातारी तोंडाची वाईट आहे, पण खोटी नाही. मी म्हटलं, मले आठवत नाही. साहेबांनी ते लिहून घेतलं. घरी आल्यावर श्यामनं माझ्या हातात पाण्याचा गिलास दिला. जन्मात पहिल्यांदा दिला.

कोर्टानं आपली ओळ खोडली. माझी कोण खोडणार? रागिणीले विचारलं, तर साक्षीच्या कागदात ते तसंच राहते म्हणे. उद्या अंकुर मोठा होईल, कागद चाळील, अन् वाचील की आजीले आठवत नव्हतं. म्हणून लिहून देते. तुले मीच पाठवलं. खण हिरवा होता, नारळ माझ्याच हातानं बांधला होता. तवाही आठवत होतं, आजही आठवते. श्यामले हे सांगितलं, तो दोन दिवसांपासून बोलत नाही. नाही तर नाही. परत ये म्हणत नाही, माफ कर असंही म्हणत नाही. एवढंच कर, हे पत्र तुझ्याजवळच्या कोर्टाच्या फाइलीत लाव. अन् सगळ्यात वर लाव, म्हणजे लेकराले शोधावं लागणार नाही.

म्हणायले तोंड ठेवलं नाही, तरी तुझीच,
मनकर्णा