सहा सेकंदांचा विराम

नॉरशॉपिंग, १२ जानेवारी

प्रिय गुन्वोर,

पाकिटावरचं अक्षर ओळखलंस ना? एकवीस वर्षांनी लिहितोय. न फोडता शेगडीत टाकलं असतंस तरी मला तक्रार करायला जागा नव्हती. पण तू आधी वाचतेस आणि मग रागावतेस, एवढं अजून लक्षात आहे.

बातमी अशी की मार्चमध्ये मी पुन्हा रंगमंचावर उभा राहतोय. एकटा, दीड तास, माझंच लिखाण. टीव्हीवर अकरा वर्षं पोलीस इन्स्पेक्टर केला. त्यानं मला समुद्रकाठचं घर दिलं आणि आळशीही केलं. कॅमेऱ्यासमोर वाक्य विसरलं तर पुन्हा घेतात. आता चौऱ्याहत्तरावं वर्ष चालू आहे आणि तालमीत रोज कुठेतरी शब्द निसटतो. नाट्यगृहाची नवी संचालिका टूवा परवा म्हणाली, "स्टूरे, कानात ते छोटं यंत्र घाल ना. आतून वाक्य ऐकू येईल. हल्ली प्रॉम्प्टर ठेवतं कोण?" मी म्हटलं, "यंत्राला माझा विराम कळतो का?" ती म्हणाली, "विराम कुठला आणि विसर कुठला, ते तुला तरी कळतं का?" सगळे हसले. मीही हसलो. घरी आलो आणि जेवलो नाही.

कारण ते कळणारं एकच माणूस मला भेटलं होतं. रंगमंचाच्या कडेच्या प्रॉम्प्टरच्या खोक्यात, मांडीवर संहिता घेऊन बसलेली तू. मी थांबलो की तू माझा श्वास ऐकायचीस. छाती भरलेली असली तर गप्प. रिकामी असली तर पुढच्या वाक्याचा पहिला शब्द, तोही फक्त मला ऐकू येईल एवढा.

आपल्या शेवटच्या नाटकाचा तो पहिला प्रयोग आठव. पडद्यामागे तू रीतीप्रमाणे शुभशकुनाची लाथ माझ्या ढुंगणावर घातलीस आणि मी चक्क "धन्यवाद" म्हणालो! लाथेचे आभार मानले की प्रयोग बुडतो, हे शाळेतल्या नाटकातल्या पोरांनाही ठाऊक असतं. तुझा चेहरा पांढरा पडला. "थुंक आधी, गाढवा, अपशकुन जाऊ दे!" म्हणालीस. मी हसण्यावारी नेलं. तिसऱ्या अंकात मी थांबलो, तू शब्द दिलास, मला ऐकू आला नाही. पुन्हा दिलास, तर पाचव्या रांगेपर्यंत पोचला. सकाळच्या पेपरात माझ्या भूमिकेबद्दल दोन ओळी आणि खोक्यातल्या आवाजाबद्दल चार.

गुरुवार होता. कँटीनमध्ये दर गुरुवारचं वाटाण्याचं सूप होतं, सगळी मंडळी जमली होती. मी ओरडलो, "तो विराम होता! सहा सेकंदांचा विराम! या बहिरीला खोक्यात बसवलं कुणी?" तू सुपात घालायच्या मोहरीची वाटी बाजूला सारलीस आणि म्हणालीस, "विराम असता तर मला ऐकू आला असता, स्टूरे." संहिता टेबलावर ठेवलीस आणि गेलीस, ती थेट हेर्नोसांदला बहिणीकडे. मी मात्र हा किस्सा माझ्या आठवणींच्या पुस्तकात घातला. वाचनाच्या कार्यक्रमांत त्यावर हमखास हशा यायचा.

तो विराम नव्हता, गुन्वोर. डोकं कोरं होतं. ते मला तेव्हाही माहीत होतं, ओरडतानाही. नवं नाटक याच वाक्यापासून सुरू होतं, कारण दुसरी कुठलीच सुरुवात मला लिहिता येईना. टूवाला मी सांगून टाकलंय की कानात काही घालणार नाही. गुन्वोर खोक्यात बसली तरच पडदा उघडेल. "आणि ती नाही म्हणाली तर?" तिनं विचारलं. "तर दुसरं पत्र लिहीन, मग तिसरं." म्हणून हे पहिलं. नऊ मार्चला ये. गुडघे दुखत असतील तर खोक्यात उंच खुर्ची ठेवतो. पडदा उघडण्याआधी हवी तेवढी जोरात लाथ घाल. मी तोंडातून अक्षर काढणार नाही. एकवीस वर्षांचं ते धन्यवाद पडदा पडल्यावर, सगळ्यांसमोर, खोक्याकडे तोंड करून म्हणेन. तेवढं वाक्य मला कुणी सांगायची गरज पडणार नाही.

तुझाच,
स्टूरे