सामुराईच्या आईचा आवाज

काकू, मी डबिंगची कामं करू लागले तेव्हा तुम्ही म्हणाला होतात, "म्हणजे चेहरा दुसरीचा आणि घसा तुझा? बरंय, मेकअपचा खर्च वाचला." तुम्ही जाऊन इतकी वर्षं झाली, मी अजून एकाच जपानी नटीला इंग्रजी आवाज देतेय. तिचे सगळे सिनेमे तलवारींच्या जमान्यातले. आधी ती सरदाराघरची मोलकरीण झाली, मग तलवार उपसणारी विधवा, आणि या नव्या सिनेमात सामुराईची म्हातारी आई. तिच्याबरोबर माझंही वय वाढलं, पण म्हातारीच्या आवाजासाठी स्टुडिओला ते पुरेना. मला सांगितलं, एक प्रसंग करून दाखव, नाही जमला तर दुसरी बघू. माझी नटी दुसरीच्या हवाली करायची? मला चांगलाच राग आला.

प्रसंग एवढाच. मुलगा लढाईला निघालाय, तो परत येणार नाही हे आईला ठाऊक आहे, आणि ती म्हणते, "जेवून जा." डिरेक्टरला हुंदका हवा होता. मी पडद्याकडे पाहिलं. ती रडत नव्हती, भाताचा वाडगा पुढे सरकवत होती. आणि एकदम मी लहानपणीच्या चँडलर गावात, तुमच्या स्वयंपाकघरात उभी आहे. तिथल्या मराठी मंडळाच्या गणपतीतलं नाटक तुम्ही बसवताय, मी शाळकरी जिजाबाई आहे. "काकू, आय ॲम क्रायिंग फॉर रिअल," मी ऐटीत सांगते. पोळी लाटता लाटता तुम्ही म्हणता, "तू रडलीस की लोक तुझ्याकडे बघतील. शिवबाकडे कुणी बघायचं?" मग घसा खाकरून, ताट पुढे सरकवून, अगदी कोरडं, "खाऊन घे." कॉलेज सोडून मी लॉस एंजेलिसला निघाले तेव्हाही आई-बाबा रडत होते आणि तुम्ही त्याच आवाजात "खाऊन घे" म्हणत डबा हातात दिलात.

मी तसंच म्हटलं. आधी खाकरले, मग कोरडं. तिच्या ओठांवर ते नेमकं बसलं. काचेपलीकडून डिरेक्टर म्हणाला, "व्हेअर डिड यू गेट दॅट व्हॉइस?"

काम मला मिळालं, मिळायलाच हवं होतं. हे पत्र मात्र कुठे पाठवणार, आणि त्यातल्या ऱ्हस्व-दीर्घाच्या चुका तरी कोण काढणार? एक मात्र सांगून टाकते. डिरेक्टरला मी म्हटलं, "इट्स माइन." तुमचं नाव घेतलं असतं तर मी रडले असते, आणि अजून एक टेक बाकी होता.