एक नवापूर

प्रिय भरत,

पत्र पाहून दचकू नकोस, घरी सगळे ठणठणीत आहेत. फोन मुद्दामच केला नाही. सुरतेहून निघालास म्हणून फोन केला की तू आपलं ठरलेलं वाक्य फेकतोस, "ताई, नवापूरले शे, येईच ऱ्हायनू," आणि मी मूर्खासारखी दोन मुठी तांदूळ जास्त टाकते. पत्रात तुला मध्येच तोंड घालता येत नाही, तेव्हा मुकाट्यानं वाच.

तुझ्या लेकीनं मला पार वैताग आणलाय. पाचवीतली पोर, पण रिनाबाईंनी वहीत अख्खं राज्य वसवलंय, टिटवीगड नावाचं. तिथे बकऱ्या उडतात, राजाला दोन डोकी आहेत आणि ती दिवसभर एकमेकांशी भांडतात. इथवर माझी काही तक्रार नव्हती. पण त्या राज्यात तास नाहीत की दिवस नाहीत. तिथे वेळ मोजतात 'नवापूर'मध्ये! पहिल्याच पानावर लाल शाईनं लिहून ठेवलंय: माणूस 'नवापूरला पोचलो' म्हणतो तिथपासून दारात उभा राहतो तिथपर्यंतचा वेळ, म्हणजे एक नवापूर. वाच, आणि जरा लाज वाटू दे.

राक्षस मारायला तीन नवापूर, उडत्या बकरीला व्यायला दीड. वहीत राहिलं असतं तर चाललं असतं. पण आता माझ्या चुलीवर डाळसुद्धा पाव नवापूरमध्ये शिजते. तुझे दाजी विहिरीवरची मोटार चालू करायला जाताना अर्ध्या नवापूरमध्ये येतो म्हणतात आणि भाकरी गार झाल्यावर उगवतात. कहर म्हणजे चाचणीत आठवड्याचे तास विचारले, तर या बयेनं उत्तर नवापूरमध्ये दिलं. सरांनी मला शाळेत बोलावून घेतलं. म्हणाले, माप ठरलेलं असावं लागतं, हिचं दर वेळी बदलतं. खरंच होतं त्यांचं. राखीला तू नवापूरहून सहा तासांनी आलास, दिवाळीला दोन दिवसांनी. होळी होऊन महिना झाला, तो नवापूर अजून संपलेला नाही.

तिची गोष्टही त्यापायी अडकून पडलीय. राणीवर कुणी विषप्रयोग केलाय आणि वैद्य एका नवापूरमध्ये औषध घेऊन येणार आहे. राणी बिचारी ना मरते ना उठते, महिनाभर खाटेवर पडून आहे. रिनानं तिचं चित्रही काढलंय. हनुवटीवर तीन ठिपक्यांचं गोंदण, हिच्या आईला, आपल्या संध्याला होतं अगदी तस्संच. ते पाहिलं आणि मी वही मिटून ठेवली.

परवापर्यंत मी तुला येणाऱ्या-जाणाऱ्यापुढे खोटारडा म्हणत होते, खरंच सांगते. मग आपल्या गल्लीतला रेवजी घरी आला. होळीच्या आदल्या दिवशी त्यानं तुला नवापूर स्टेशनवर बाकावर बसलेलं पाहिलं म्हणे, मांडीवर पिशवी, पिशवीत पिवळी पिचकारी. तो हाक मारणार तेवढ्यात तू उठून परत सुरतेच्या गाडीत चढलास. म्हणजे तू खोटं बोलत नव्हतास! ऐकून माझा राग निवायचा सोडून आणखीच भडकला. अरे गाढवा, त्यापेक्षा खोटारडा भाऊ परवडला असता. दोन वर्षांपूर्वी तू नवापूरपर्यंत आलास आणि इकडे तुझ्या बायकोनं डोळे मिटले, हे मी विसरलेले नाही. तिथे तुला आलेला तो फोन मीच केला होता, भरत. तिच्याशिवायच्या घरात पाय टाकवत नाही, तेही कळतं मला. पण म्हणून जन्मभर त्या बाकावर बसून राहणार आहेस का? गाडीचा आवाज आला की ही पोर अजून ओट्यावर जाऊन उभी राहते, ती संध्याचीच आहे ना रे?

तरी एवढं सगळं मी तुला फोनवरच सुनावलं असतं. पत्र लिहायला बसले ते कालच्यामुळे. काल रिनानं वहीतले सगळे नवापूर एकेक करून खोडले आणि तिथे नवीन माप घातलं, 'आत्या'. हाक मारल्यापासून माणूस समोर येईपर्यंतचा वेळ म्हणजे एक आत्या. दाजींना कौतुक वाटलं, मला धडकी भरली. कारण खोडताना ती रडली नाही, साधी खिन्नही दिसली नाही. मला नकोय हा मान. येत्या रविवारी सकाळच्या गाडीनं मी तिला घेऊन नवापूरला येतेय. कुणाला भेटायला, ते तिला सांगितलेलं नाही, पुन्हा तिला तोंडघशी पाडायची माझी हिंमत नाही. तू त्याच बाकावर येऊन बस. पिचकारी आण, शिमगा होऊन गेला तरी चालेल. तिथून पुढे घरापर्यंत आपण तिघं मिळून येऊ. आणि ऐक, राणीच्या पानावरचा एक नवापूर तिनं अजून खोडलेला नाही. रविवारपर्यंत तो टिकवायचं मी बघते.

तुझीच,
डोक्याला हात लावून बसलेली
रोहिणीताई