केवळाबाईचं ताट

नांदेड

माझ्या आईला शिल्पाचा पाया पडून नमस्कार.

फोनवर बोलताना बापू शेजारी बसून ऐकतेत, म्हणून लिहून राहिले. भागवतदादाच्या हाती एक ताट पाठवलंय, त्याच्यासोबत ही चिठ्ठी.

मी मजेत हाय, सासरची माणसं चांगली हायेत. मागल्या आठवड्यात फक्त थोडं झालं. शिवम जेवून उठले अन् सासूबाई मला म्हणाल्या, "त्याच्याच ताटात वाढून घे, रीत हाय आपली." तू जन्मभर बापूंच्या उष्ट्या ताटात जेवलीस, ते डोळ्यापुढं आलं. "मला न्हाई जमणार," म्हणले अन् दुसरं ताट घेतलं. अन् जेवले पोटभर.

सासूबाई दोन दिवस बोलल्याच न्हाईत. मग कढीत मीठ लई झालं म्हणाल्या, तवा माझा जीव भांड्यात पडला. शिवम आता आपलं ताट आपणच धुऊन ठेवतेत.

तुझा गुडघा कसा हाय? कपिला व्याली का?

आई, आपल्या घरातल्या सगळ्या भांड्यांवर बापूंचं नाव हाय. ह्या ताटावर मी तुझं, 'केवळाबाई' असं, कोरून घेतलंय. बापू चिडले तर माझं नाव सांग. ताट फडताळात जपून ठेवू नको, पाव्हण्यांना वाढू नको. आजच त्यात जेव.

दिवाळीला येईन तवा त्याच्यावर ओरखडे दिसले पाहिजेत.

तुझीच लेक,
शिल्पा