विहीर भरायलीय, गेम बंद करू नको

दादा,

झऱ्याचा दगड घावला! ज्याच्यासाठी आपण गेममधलं अख्खं शिवार खणलं, तोच! खाली टँकर आलाय, हंडे घेऊन पळतीय, म्हणून घाईत लिहिते.

माझ्याकडून मेंढ्यांच्या वाड्याचं फाटक उघडं राहिलं अन् सगळ्या टेकडीवर पळाल्या. हाकलायला गेले, तर भर उन्हात एका खडकापाशी माना खाली घालून गप उभ्या! गावाकडं आपल्या मेंढ्या जमिनीतल्या ओलीच्या गारव्याला थांबायच्या ना, तशाच. मी तिथंच खणलं. लई निळा उजेड पडला रे! दगड विहिरीत टाकला, तर बुडातून पाणी वर यायलंय. आईशप्पथ! विहीर भरताना आपण कधी बघितलीय का?

अण्णांनी दुष्काळात खऱ्या मेंढ्या विकल्यापासून तू ह्या पण विकायच्या म्हणतोस. आता नको ना विकू.

फोन चार्जिंगला लावलाय. विहीर भरायच्या आत गेम बंद केला तर दगड जातो, हात लावू नको. अण्णा उठले की त्यांना दाखव. आधी मेंढ्या दाखव, मग पाणी.

सृष्टी