तेरा पट्ट्यांची खार

बाबा, आज दुपारी मी पुन्हा तुमची गोष्ट सांगितली आणि लोक पुन्हा हसले. तुम्ही जाऊन वीस वर्षं झाली, तरी तुमच्यावर हसताहेत. गावाबाहेर जुन्या गवताळ रानाचा एक तुकडा राखून ठेवलाय, तिथे मी शाळेच्या मुलांना आणि त्यांच्या आईबापांना खारी दाखवत फिरते. पोटापाण्याचा धंदाच आहे तो माझा. 'माझे वडील डॉक्टर होते' एवढं म्हटलं की पुढचं सगळं मला पाठ आहे. हे मराठीत लिहितेय, कारण तुमच्यावर रागवायला मला इंग्रजी पुरत नाही. आईने स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसवून बाराखडी गिरवून घेतली, ती आज कामाला येतेय. शुद्धलेखनाच्या चुका काढत बसू नका.

विस्कॉन्सिनातलं ते घर घेतलंत तेव्हा मी आठ वर्षांची होते. सगळ्या रस्त्यावर आपण एकटेच देशी, म्हणून आपलं लॉन सगळ्यांत हिरवं हवं, हा तुमचा हट्ट. शनिवारी दवाखान्यातून आलात की शर्ट बदलायच्या आधी गवत कापायचं मोअर बाहेर काढायचात. त्याच लॉनमध्ये ती राहायची. बिळाच्या तोंडाशी खुंटी ठोकल्यासारखी ताठ उभी राहायची, बारीक शीळ घालायची आणि गुडूप व्हायची. पाठीवर फिके-गडद मिळून तेरा पट्टे, गडद पट्ट्यांत ठिपक्यांच्या ओळी. आई म्हणाली, "अहो, खार आहे ती. रामाने पाठीवरून हात फिरवलेली." तुम्ही म्हणालात, "त्या खारीला तीन पट्टे. तेरा ओढायला रावणच लागेल. हा उंदीर आहे." उंदीर म्हटलं की माणूस मारायला मोकळा. मग तुम्ही बागेची होज बिळात खुपसलीत आणि नळ सोडून आत चहा प्यायला आलात. ती दुसऱ्या तोंडातून निसटली, त्याचं श्रेय तिचं, तुमचं नाही.

मला अजून संताप येतो तो ह्याचा, की तुम्हाला काही माहीत नव्हतं आणि करून घ्यायचंही नव्हतं. उपरे आपण होतो, ती नव्हती. ते सगळं रान तिचं. गव्यासारख्या बायसनचे कळप गवत चरून आखूड ठेवायचे आणि तिला आखूडच गवत लागतं, कारण उभं राहिल्यावर लांबून ससाणा दिसायला हवा. बायसन संपवले, नांगर आला, मका आला, मग आपल्यासारख्यांची घरं आली. ती उरली कुठे, तर दफनभूमीत, गोल्फच्या मैदानावर आणि तुमच्या लॉनवर, कारण दर शनिवारी बायसनचं काम तुम्हीच करत होतात. ज्या अळ्यांसाठी तुम्ही औषध फवारायचात त्या ती फुकट खात होती. मेडिसिनची जाडजाड पुस्तकं पचवलेल्या माणसाला लायब्ररीत एक चक्कर मारता येऊ नये? ज्या घरात एकाला सगळं येतं असं ठरलेलं असतं, त्या घरात कुणी काही शिकत नाही.

आता ऑक्टोबरचा शेवट आहे, मी दहा वर्षांची. मागच्या दाराशी लाकडी डेक बांधायचं म्हणून त्याचे खांब रोवायला तुम्ही स्वतः खड्डे खणताय. इथली जमीन हिवाळ्यात खोलवर गोठते, म्हणून खांबही खोल लागतात. खड्डा कमरेइतका झाल्यावर फावड्यावर सुक्या गवताचा गोळा येतो आणि आत ती. नाक पोटात खुपसलेलं, शेपूट डोक्यावर घेतलेली, थंडगार आणि घट्ट. तुम्ही हातमोजा काढता, दोन बोटं तिच्या छातीशी धरता आणि म्हणता, "गेली." आई खिडकीतून सांगते, "कचऱ्यात नका हो टाकू, रामाची आहे." मग आइस्क्रीमच्या रिकाम्या डब्यात चिमूटभर मीठ घालून तिला मेपलच्या झाडाखाली पुरलं, वीतभर खोल. तुम्ही हातसुद्धा जोडलेत. बिळात होज सोडणाऱ्या माणसाने हात जोडले.

फेब्रुवारीत शाळेत बाईंनी फळ्यावर तसाच गोळा काढला. म्हणाल्या, ती हिवाळाभर अशी झोपते, मिनिटाला चार-पाच श्वास, छातीचे ठोकेही तेवढेच, हात लावला तर बर्फ, आणि तरी जिवंत. बीळ खोल असतं म्हणून गोठत नाही, एप्रिलमध्ये उठते. मी विचारलं, वीतभरच खोल असली तर? "देन शी वुड फ्रीझ, हनी." संत स्वतःहून संजीवन समाधी घेतात, आपण हिला झाकण लावून दिली होती. घरी आले तेव्हा तुम्ही जेवत होतात. मी सगळं सांगितलं. तुम्ही म्हणालात, "ती मेलेलीच होती. जेव." बस्स. मला एकच वाक्य हवं होतं बाबा, 'चुकलं माझं'. थँक्सगिव्हिंगच्या जेवणात विषय काढला, माझ्या लग्नात काढला, शेवटी हॉस्पिटलात तुमच्या उशाशी बसूनही काढला. तुमच्या अंत्यविधीला तुमची जुनी नर्स भेटली. म्हणाली, तू दहा-अकरा वर्षांची असशील तेव्हापासून, पेशंट गेला तरी डॉक्टर पूर्ण दोन मिनिटं त्याच्या छातीला कान लावल्यासारखे ऐकत राहायचे, आम्ही ताटकळायचो. म्हणजे तुम्हाला कळलं होतं. परक्यांना दोन-दोन मिनिटं दिलीत आणि मला एक वाक्य दिलं नाहीत.

म्हणून मी गोष्ट सांगत सुटले. गोष्टीत मी ओरडते, "बाबा, शी इज ओन्ली स्लीपिंग," आणि तुम्ही कमरेवर हात ठेवून विचारता, "डॉक्टर कोण, तू की मी?" इथे लोक हसतात. आज एका छोट्या मुलीने, आपल्यातल्याच कुणाची तरी असावी, हात वर करून विचारलं, "बट हाउ डिड यू नो?" मी काहीतरी बोलून वेळ मारून नेली आणि घरी येऊन हे लिहायला बसले. तुमचा पत्ता असता तरी मी हे पोस्टात टाकलं नसतं.

मी ओरडले नव्हते, बाबा. आणि 'डॉक्टर कोण' हे तुम्ही कधी बोललाच नव्हतात, ते मी जुळवलं. 'गेली' म्हणालात आणि तिला माझ्या ओंजळीत ठेवलंत. म्हणालात, "तू बघ. तुला काही लागतंय?" तोवर तुम्ही मला कशातच काही विचारलं नव्हतं. मी बोट ठेवलं. कितीतरी वेळ काहीच नाही. मग बोटाखाली एकच ठोका लागला, स्पष्ट. तुम्ही माझ्याकडे बघत होतात, आणि तुमचं उत्तर मला माहीत होतं. मी म्हटलं, "काही नाही." तुम्ही माझ्या पाठीवर थाप दिलीत. मला फार आनंद झाला होता.